यंत्र गेले, खेळ राहिला



हैदराबादेत तारनाका भागात राज्य अभिलेखागार आहे. शहाजहान आणि औरंगजेब ह्यांच्या काळातील दख्खनच्या कारभाराचे एक लाखाहून अधिक फारसी कागद तेथे जतन करून ठेवलेले आहेत. कागद चांगला, शाईही चांगली. परंतु घाईघाईने लिहिलेली ती शिकस्ता वळणाची फारसी उलगडून सांगणारा जाणकार गाठल्यावाचून त्यांतील एक ओळही आपल्याशी बोलत नाही. ज्यांच्या घरी पणजोबांच्या पेटीत मोडी दस्तऐवज पडून आहेत, त्या मराठी कुटुंबांना ही अडचण निराळी समजावून सांगावयास नको. मोडी शाळांतून गेली आणि दोन पिढ्यांत घरचेच कागद घरच्यांना परके झाले.

संगणकाच्या जगात हीच गोष्ट दोन पिढ्यांऐवजी दहापंधरा वर्षांत घडते. तबकडी शाबूत असते, तिच्यावरील मजकूरही शाबूत असतो. पण तो वाचणारे यंत्र मात्र भंगारात गेलेले असते. संगणकावरील जुन्या साहसखेळांवर हा प्रसंग आला आणि त्यातून ते वाचले कसे, हा आजच्या भाषणाचा विषय आहे.

साहसखेळ म्हणजे काय हे आधी सांगितले पाहिजे. उर्दू दास्तानांशी परिचय असलेल्या हैदराबादकरांना त्याची कल्पना चटकन येईल. 'तिलिस्मे होशरुबा' ह्या प्रचंड दास्तानात नायक मायावी प्रदेशात शिरतो. त्या मायेचा भेद करण्याची युक्ती एका 'लौहे'वर, म्हणजे पाटीवर, लिहिलेली असते आणि ती पाटी हाती लागेपर्यंत वाट सापडत नाही. साहसखेळाची रीत नेमकी अशीच. येथे नेमबाजी नाही, चपळाई नाही; एका अनोळखी जागी आपण उभे असतो, समोर कुलूप असते, कोठे तरी किल्ली असते आणि मध्ये विचार करावयाचा असतो. त्यामुळे हा खेळ, खेळ असूनही, वाङ्मयाच्या शेजारी जाऊन बसतो. तो बंद पडणे म्हणजे एक पुस्तक बंद पडणे होय, असे मला वाटते.

ह्या प्रकारातील पहिला खेळ १९७५-७६च्या सुमारास अमेरिकेत लिहिला गेला. विल क्राउदर हा संगणकतज्ज्ञ केंटकी राज्यातील 'मॅमथ केव्ह' ह्या विशाल गुहासमूहात उतरणारा हौशी गुहाशोधक होता. घटस्फोटानंतर दुरावलेल्या आपल्या लहान मुलींसाठी त्याने त्या गुहांचे वर्णन संगणकात घातले. 'उत्तरेस जा', 'दिवा घे' असे दोन शब्द टंकित केले, की यंत्र पुढचा देखावा शब्दांत सांगे. गोवळकोंड्यापासून चारमिनारपर्यंत भुयार आहे, ही दंतकथा ऐकत वाढलेल्या मुलाला ह्या खेळाची गोडी निराळी लावावी लागणार नाही. पुढे स्टॅनफर्ड विद्यापीठातील डॉन वुड्स ह्याच्या हाती तो खेळ पडला. कर्त्याचे आडनाव तेवढे त्याला ठाऊक होते. म्हणून त्याने त्या वेळच्या संगणकजाळ्यातील प्रत्येक ठिकाणी त्या आडनावाने पत्र धाडले, संमती मिळविली आणि १९७७ साली खेळ वाढविला. ही वाढीव आवृत्ती जगभर पसरली आणि क्राउदरचे मूळ लेखन दिसेनासे झाले. ते वुड्सच्या विद्यार्थिदशेतील खात्याच्या जपून ठेवलेल्या प्रतीत सापडले आणि २००७ साली अभ्यासकांपुढे आले. तीस वर्षे कोणी ती प्रत पुसली नाही, एवढ्याच आधारावर ते उरले होते.

क्राउदरचे यंत्र पीडीपी-१० हे होते. त्याच घराण्यातील यंत्र १९७०च्या दशकात मुंबईच्या टाटा मूलभूत संशोधन संस्थेतील राष्ट्रीय केंद्रातही आले. आपल्या हैदराबादेत १९६७ साली स्थापन झालेल्या इलेक्ट्रॉनिक्स कॉर्पोरेशनने ह्याच काळात देशी संगणक बांधले. टीडीसी-१२ हे त्यांतील पहिले. त्याचा मूळ नमुना १९६९ साली तुर्भ्याच्या अणुसंशोधन केंद्रात तयार झाला होता. नंतर १९७५च्या सुमारास टीडीसी-३१६ आले. पीडीपी-१० छत्तीस अंकस्थानांचा शब्द वाचणार, टीडीसी-१२ बाराच वाचणार, टीडीसी-३१६ सोळा वाचणार. एकासाठी लिहिलेले दुसऱ्याला कळावयाचे नाही. तेव्हाच्या संगणकांत भाषावार प्रांतरचना पुरती झालेली होती, असे म्हणावयास हरकत नाही.

ह्या बजबजपुरीतून पहिली वाट काढली ती निव्वळ व्यापारी निकडीने. मॅसॅच्युसेट्स तंत्रसंस्थेतील चौघांनी १९७७ साली 'झॉर्क' हा भुयारी साहसखेळ पीडीपी-१० वर लिहावयास घेतला. १९७९ साली 'इन्फोकॉम' ही कंपनी निघाली आणि तो घरगुती संगणकांवर आणण्याचे ठरले. पण घरगुती संगणकांचेच अनेक परस्परविरुद्ध पंथ होते आणि प्रत्येकाची स्मरणशक्ती तोकडी. तेव्हा जोएल बेरेझ आणि मार्क ब्लँक ह्यांनी एक विलक्षण युक्ती काढली. त्यांनी कोठेच नसलेले एक यंत्र कागदावर कल्पिले, त्याला 'झेड-मशीन' म्हटले आणि खेळ त्या काल्पनिक यंत्राच्या भाषेत लिहिला. मग प्रत्येक खऱ्या संगणकासाठी एक लहानसा दुभाषा लिहिला की काम झाले. नवा संगणक बाजारात आला, की एक दुभाषा नवा लिहावयाचा. लगेच सगळे जुने खेळ त्याच्यावर चालू.

इन्फोकॉम १९८६ साली 'अ‍ॅक्टिव्हिजन'ने विकत घेतली आणि १९८९ साली तिचे मूळ कार्यालय बंद झाले. ज्या यंत्रांवर तिचे खेळ चालत ती यंत्रेही गेली. परंतु जे यंत्र मुळात अस्तित्वातच नव्हते, ते मोडणार कसे? हौशी मंडळींनी खेळांच्या फायली तपासून त्या काल्पनिक यंत्राचे नियम शोधून काढले. ऑक्सफर्डचे गणिती ग्रॅहम नेल्सन ह्यांनी १९९३ साली त्या यंत्रासाठी नवे खेळ रचण्याचे साधन सिद्ध केले आणि १९९७ साली त्याचे नियम प्रमाणग्रंथाच्या रूपात बांधून टाकले. आज साध्या मोबाईलवर 'झॉर्क' चालतो तो ह्याच नियमांच्या बळावर.

चित्रमय साहसखेळांचा इतिहास मोठा आहे. त्यातील एकच धागा येथे घेतो. जॉर्ज लूकस ह्यांच्या खेळकंपनीत रॉन गिल्बर्ट आणि अ‍ॅरिक विल्मंडर ह्यांनी १९८७ साली 'मॅनिॲक मॅन्शन' ह्या खेळासाठी 'स्कम' नावाची भाषा घडविली. १९९० सालचा 'मंकी आयलंड' हा चाचेगिरीचा विनोदी खेळ त्याच भाषेत लिहिलेला. त्याच्या खोक्यात पुठ्ठ्याचे एक फिरते चक्र असे. खेळ सुरू होताना पडद्यावर चाच्याचा चेहरा दिसे आणि चक्र फिरवून त्याचे साल सांगितल्याशिवाय पुढे जाता येत नसे. हीच त्या खेळाची 'लौह'. नकला करणाऱ्यांना अडविण्यासाठी ती योजना होती. पण पुढे चक्र हरविलेला प्रामाणिक गिऱ्हाईकच तिने अडविला.

येथेही दुभाषाच कामास आला. स्वीडनमधील लुडविग स्ट्रिगेउस ह्या तरुणाने २००१ साली 'स्कम'ची भाषा समजणारा स्वतंत्र दुभाषा लिहिला. व्हिन्सां हाम ह्याची त्याला जोड मिळाली. त्याचे नाव 'स्कमव्हीएम'. पुढे इतर कंपन्यांच्या खेळभाषाही त्याला शिकविण्यात आल्या आणि आज तो शेकडो खेळ जाणतो. २००३ साली इंग्लंडच्या 'रेव्होल्यूशन' कंपनीने आपला 'बिनीथ अ स्टील स्काय' हा खेळ ह्या मंडळींसाठी विनामूल्य मोकळा केला. एरव्ही जुन्या मालाकडे ढुंकूनही न पाहणाऱ्या व्यवसायात हे औदार्य उठून दिसते. २००२ साली आलेला 'डॉसबॉक्स' निराळ्या मार्गाने जातो. तो भाषांतर करीत नाही, जुन्या संगणकाचे समग्र सोंगच उभे करतो. दोन्ही उपयुक्त, मोबाईलसाठी मात्र दुभाषा हलका पडतो आणि बोटाच्या स्पर्शाला चांगला जुळतो.

आता प्रत्यक्ष कृती. सिकंदराबादेत पार्क लेनवरील चेनॉय ट्रेड सेंटरमध्ये किंवा अन्यत्र पूर्वी घेतलेली एखादी मूळ सीडी घरात असेल, तर प्रथम तिची प्रत संगणकावर काढावी. कारण सीडीचाही थर कालांतराने खराब होतो आणि फ्लॉपीचे चुंबकत्व त्याहून लवकर क्षीण होते. साडेतीन इंची फ्लॉपी वाचणारी यूएसबीची पेटी मिळते. सव्वापाच इंची असेल तर जाणकाराकडेच जावे. नंतर खेळाच्या मजकुराच्या फायली तेवढ्या एका फोल्डरमध्ये घालून मोबाईलमध्ये न्याव्या. 'मंकी आयलंड'च्या सीडीवर 'मंकी' नावाच्या, शेवटी ००० आणि ००१ असे आकडे असलेल्या दोन फायली आहेत, संगीत सोडून सारे त्यांतच. खेळ सुरू करणारी जुनी फाईल येथे निरुपयोगी होय, कारण ते काम आता दुभाष्याचे. मग 'स्कमव्हीएम'मध्ये खेळ जोडण्याचे बटण दाबून तो फोल्डर दाखविला, की फायलींची मोजणी करून तो खेळाची आवृत्तीसुद्धा ओळखतो. त्या हरवलेल्या पुठ्ठ्याच्या चक्राचा प्रश्न काही खेळांत तो आपण होऊनच ओलांडतो. आणखी एक खुबी पुष्कळांना ठाऊक नसते. ह्या खेळांची चित्रे ३२० बाय २०० बिंदूंची. पण त्या वेळचा पडदा ती उभी ताणून दाखवी. नव्या पडद्यावर ती तशीच आणली तर चंद्र चपटा दिसतो. प्रमाण दुरुस्त करण्याचा पर्याय निवडला, की चंद्र पुन्हा वाटोळा होतो. ज्यांच्याजवळ काहीच नाही त्यांनी वर सांगितलेल्या विनामूल्य खेळापासून आरंभ करावा. पोलंडची 'गॉग' ही पेढी २००८पासून जुने खेळ रीतसर विकते. त्यांतील कित्येकांबरोबर हाच दुभाषा येतो.

रीतसर हा शब्द मी मुद्दाम वापरला. आपल्या देशात पुष्कळ खेळ नकलांवरूनच घरोघर पोचले, हे खरे. तथापि दुभाषा वापरणे आणि खेळ चोरणे ह्या दोन भिन्न गोष्टी आहेत. १९५७च्या लेखाधिकार कायद्यातील ५२व्या कलमानुसार प्रोग्रॅमची प्रत कायदेशीरपणे बाळगणाऱ्याला ती नष्ट होण्याच्या भयास्तव राखीव प्रत काढता येते आणि स्वतंत्रपणे लिहिलेला प्रोग्रॅम तिच्याशी जुळवून घेण्यासाठी आवश्यक ती माहितीही मिळविता येते. २०१२ साली आलेले ६५-अ हे कलम कुलूप तोडणाऱ्याला शिक्षा सांगते, पण हक्कभंगाचा हेतू असेल तर. खरी अडचण पुढेच आहे. लेखकाच्या निधनानंतर साठ वर्षे अधिकार टिकतो आणि तबकडी तितकी टिकत नाही. मालकाने मनावर घेतले नाही, तर अधिकार संपेल त्या दिवशी मोकळे करावयास काही उरलेलेच नसेल.

मालकाने मनावर घेतल्याचे एक उदाहरण नुकतेच घडले. २०२३ साली 'मायक्रोसॉफ्ट'ने 'अ‍ॅक्टिव्हिजन' घेतली आणि इन्फोकॉमचा वारसा तिच्याकडे आला. नोव्हेंबर २०२५मध्ये तिने 'झॉर्क'च्या तिन्ही भागांचे मूळ लेखन सर्वांना वापरण्यास मोकळे केले. ह्या कंपनीचे विकासकेंद्र १९९८पासून हैदराबादेत आहे आणि २०२२ ते २०२४ अशी सलग तीन वर्षे भारतातील खेळनिर्मात्यांची परिषदही येथेच भरली. ज्या शहरात प्रोग्रॅम लिहिणारे हात इतके आहेत, तेथे जुने वाचणारे दुभाषे लिहिण्याचा छंदही रुजावा, अशी अपेक्षा करणे अवाजवी नाही. पगारी कामात हे बसणार नाही, हे उघड आहे. स्ट्रिगेउसनेही ते पगारासाठी केले नव्हते.

मराठी माणसाच्या दृष्टीने ह्यात एक मौजेची गोष्ट आहे. १९९७च्या प्रमाणग्रंथाने झेड-मशीनला परक्या लिप्यांची सत्त्याण्णव जादा चिन्हे घेण्याची सोय करून ठेवली आहे. आपले स्वर, व्यंजने, मात्रा, अनुस्वार आणि आकडे तेवढ्यात सुखाने मावतात. अडचण एकच. खेळाडूने टंकित केलेल्या शब्दाची पहिली नऊ चिन्हेच हे यंत्र ध्यानात घेते आणि तीही चिन्हांचा तक्ता नीट बेतला तर. आमच्या लिपीत मात्रा वेगळी मोजावी लागते, अनुस्वारही वेगळा, म्हणून शब्द लवकर संपतात. तथापि 'गोवळकोंडा' हा शब्द मात्रा व अनुस्वार धरून बरोबर नऊ चिन्हांचा आहे.