नसलेल्या ग्रहाची गोष्ट



ग्रहण लागले म्हणजे ‘दे दान, सुटे गिरान’ ही आरोळी आपल्यापैकी पुष्कळांनी लहानपणी ऐकली असेल. राहूने सूर्याला गिळले, तो सुटावा म्हणून दान द्यायचे. हा राहू पंचांगात आहे, कुंडलीत आहे. पण आकाशात बोट करून दाखवा म्हटले, तर कुणाला दाखवता यायचा नाही. असा न दिसणारा ग्रह मानण्याची पाळी एकट्या आपल्यावरच आली असे मात्र नाही. एकोणिसाव्या शतकात फ्रान्समधल्या एका फार मोठ्या ज्योतिर्विदाने असाच एक ग्रह मानला. त्याला नाव मिळाले, त्याच्या फेऱ्याचे दिवसही मोजले गेले. आणि तो ग्रह मुळात नव्हताच! त्याचीच हकीकत आज सांगायची आहे.

या ज्योतिर्विदाचे नाव ल व्हेरिए. गणितात माणूस मोठा पटाईत. १७८१ साली सापडलेला युरेनस ग्रह हिशेबाप्रमाणे चालत नव्हता. गाडी एका अंगाला ओढली जाऊ लागली, म्हणजे कोणता बैल जोर करतो आहे हे गाडीवान कासऱ्यावरूनच ओळखतो. तसे ल व्हेरिए यांनी ओळखले, की युरेनसला पलीकडून कुणीतरी ओढते आहे. त्यांनी कागदावर गणित करून त्या ओढणाऱ्या ग्रहाची जागा काढली आणि बर्लिनच्या वेधशाळेला कळवली. २३ सप्टेंबर १८४६ च्या रात्री योहान गाले यांनी दुर्बीण लावली, तो सांगितलेल्या जागेपासून एका अंशाच्या आत नवा ग्रह हजर! तोच नेपच्यून. ल व्हेरिए यांचे नाव जगभर झाले.

मग त्यांनी बुधाचा हिशेब हाती घेतला. बुध सूर्याभोवती ८८ दिवसांत फेरी करतो. त्याची वाट लंबगोल आहे, म्हणून वाटेवर सूर्याला सर्वांत जवळची अशी एक जागा येते. ही जागा हळूहळू पुढे सरकते. इतर ग्रहांच्या ओढीमुळे ती जितकी सरकायला हवी, त्याहून १०० वर्षांत ३८ विकला जास्त सरकते, असे त्यांना १८५९ साली आढळले. पुढच्या गणितात हा आकडा ४३ ठरला. आता विकला म्हणजे केवढी? एका अंशाच्या ६० कला आणि एका कलेच्या ६० विकला. चंद्राचे बिंब सुमारे अर्धा अंश रुंद दिसते. तेवढे अंतर सरकायला या जादा गतीला ४ हजारांहून अधिक वर्षे लागतील. एवढीशी चूक! पण खरा हिशेबनीस दिडकीचीही तूट सोडत नाही. ल व्हेरिए म्हणाले, बुधाच्या आत, सूर्याच्या अगदी जवळ, आणखी ग्रह असला पाहिजे. एक तरी, किंवा लहान लहान पुष्कळ.

ही बातमी ओर्झेर नावाच्या खेडेगावातल्या डॉक्टर लेस्कारबो यांच्या वाचनात आली. हे गावात औषधपाणी करीत आणि फावल्या वेळी घरच्या दुर्बिणीतून आकाश बघत. त्यांनी पत्र लिहिले, की २६ मार्च १८५९ रोजी सूर्याच्या बिंबावरून एक काळा गोल ठिपका सरकताना मी पाहिला आहे. पत्र पोचताच, वर्ष सरता सरता, ल व्हेरिए स्वतः त्या गावी गेले. आपली ओळख न देता त्यांनी डॉक्टरांची उलटतपासणी घेतली. वेळ कशी मोजली? तर दोऱ्याला गोळी टांगून केलेल्या लोलकाने. टिपणे कशावर केली? तर लाकडी फळीवर. फळी भरली की रंधा मारून पुन्हा कोरी! साधनांची ही गरिबी बघूनही ल व्हेरिए यांची खात्री पटली, की माणूस प्रामाणिक आहे. लगेच १८६० च्या जानेवारीत डॉक्टरांना फ्रान्सचा मोठा सन्मान मिळाला.

या ग्रहाचे नाव व्हल्कन पडले. व्हल्कन हा रोमन लोकांचा अग्निदेव आणि देवांचा लोहार. ज्वालामुखीच्या पोटात त्याची भट्टी धगधगते, अशी त्यांची कथा. सूर्याच्या आगीत राहणाऱ्या ग्रहाला याहून शोभणारे नाव कोणते?

नाव शोभले खरे, पण ग्रह काही सापडेना. ब्राझीलमध्ये सूर्याचे वेध घेणारे लिए म्हणाले, त्याच वेळी मीही सूर्य बघत होतो, मला ठिपका दिसला नाही. ल व्हेरिए १८७७ साली वारले, ते व्हल्कनवरचा विश्वास तसाच ठेवून. पुढल्याच वर्षी अमेरिकेत खग्रास ग्रहण झाले. वॉटसन आणि स्विफ्ट या दोघांनी ग्रह पाहिल्याचे सांगितले, पण त्यांच्या जागा एकमेकांशी जुळेनात. नंतर १९०१, १९०५ आणि १९०८ च्या ग्रहणांत लिक वेधशाळेने सूर्याच्या आसपासची छायाचित्रे घेतली. त्यांतही व्हल्कन नव्हता.

मग त्या ४३ विकलांचे काय? त्या तर खऱ्याच होत्या. नोव्हेंबर १९१५ मध्ये बर्लिनला आइनस्टाइन यांनी गुरुत्वाकर्षणाचा नवा नियम मांडला. सूर्याच्या इतक्या जवळ न्यूटनचा नियम किंचित अपुरा पडतो, हे त्यातून दिसले. त्या नियमाने बुधाचे गणित केले, तो नेमक्या ४३ विकला आल्या. ग्रह वाढवायचा नव्हता. नियमच सुधारायचा होता.

मंडळी, येथे एक गोष्ट ध्यानात धरण्याजोगी आहे. नेपच्यून आणि व्हल्कन, दोन्ही एकाच माणसाने, एकाच रीतीने मानले. एक सापडला, दुसरा नाही. तेव्हा सांगणारा कितीही मोठा असो, आणि पाहणारा कितीही प्रामाणिक असो, पडताळा घेतल्यावाचून सुटका नाही. मानणे हा दोष नव्हे. न सापडल्यावरही धरून बसणे हा दोष.

आपल्या राहूचेही असेच झाले. समुद्रमंथनात अमृत पिणाऱ्या दैत्याचे ते मस्तक, ही कथा. पण सूर्याला चंद्र झाकतो आणि चंद्राला पृथ्वीची सावली, हे आर्यभटाने ४९९ साली लिहून ठेवले. चंद्राची वाट सूर्याच्या वाटेला जेथे छेदते, त्या दोन बिंदूंना आपल्या गणितात राहू आणि केतू ही नावे राहिली. दैत्य गेला, हिशेब उरला.

शिक्षक बंधुभगिनींना एक विनंती. पुढच्या ग्रहणाआधी वर्गात एक दिवा आणि दोन चेंडू घेऊन सावल्यांचा हा खेळ मुलांच्याच हातून करवा. आणि एखादे पोर उभे राहून म्हणाले, ‘गुरुजी, माझे उत्तर थोडे चुकते आहे,’ तर ‘थोडेच आहे, बस खाली’ असे म्हणू नका. ‘किती चुकते ते मोज,’ असे म्हणा. ४३ विकला म्हणजे फार नव्हे. पण त्या कुणी सोडल्या नाहीत, म्हणून एवढे मोठे ज्ञान हाती आले.