एकाच गळ्यातल्या अनेक भाषा

१९६३ सालच्या जून महिन्यात अमेरिकेतल्या लोकप्रिय गाण्यांच्या यादीत एक जपानी गाणं पहिल्या क्रमांकावर जाऊन बसलं आणि तीन आठवडे तिथंच राहिलं. गायक क्यू साकामोतो, शब्द रोकुसुके एई यांचे आणि चाल हाचिदाई नाकामुरा यांची. गाणं सगळं जपानी भाषेत. ज्यांनी ती छोटी तबकडी दुकानातून घरी नेली, त्यांतल्या बहुतेकांना त्यातलं अक्षरही कळत नव्हतं.

जपानमध्ये हे गाणं १९६१ सालीच आलं होतं. त्याच्या मूळ नावाचा अर्थ साधारण ‘मान वर करून चालू या’ असा. मान वर कशासाठी, तर डोळ्यांतलं पाणी खाली ओघळू नये म्हणून! अमेरिकेशी होणाऱ्या सुरक्षा कराराविरुद्ध १९६० साली जपानमध्ये मोठं आंदोलन झालं आणि ते फसलं. मोर्चातून घरी परतणाऱ्या एई यांच्या मनात या गाण्याचं बीज पडलं, असं सांगतात. तेच गाणं पुढं अमेरिकेनंच डोक्यावर घेतलं. फक्त नाव बदललं. मूळ नाव परदेशी गिऱ्हाइकाच्या तोंडात बसेना, म्हणून तबकडी विकणाऱ्यांनी त्याचं नाव ‘सुकियाकी’ ठेवलं. सुकियाकी हा एक जपानी खाद्यपदार्थ. गाण्याशी त्याचा काडीचा संबंध नाही. आपल्या एखाद्या विरहगीताला परदेशात ‘मिसळ’ म्हणून विकावं, तसला हा प्रकार.

म्हणजे सूर सीमा ओलांडून गेला, शब्द मात्र दाराबाहेर ताटकळत राहिले. गाणं एका भाषेतून दुसऱ्या भाषेच्या घरात जातं तेव्हा नेमकं काय होतं, हा प्रश्न मला त्यामुळं पडतो. आणि त्याचं उत्तर शोधायला जपानपर्यंत जायची गरज नाही. लकडी पूल ओलांडला तरी पुरे.

मी राहतो त्या सदाशिव पेठेनं मराठीला एक विशेषणच देऊन टाकलं आहे. ‘सदाशिवपेठी मराठी’ म्हटलं की अनुनासिकांसकट शुद्ध, ठाशीव भाषा कानात वाजू लागते. त्या भाषेवर माझं प्रेम आहे. बी. ए.ला मी मराठीच घेतलं आणि कविताही मराठीतच लिहितो. पण घरात आम्ही दखनी बोलतो आणि नमाज अरबीत पढतो. आता रेडिओवरून मी बोलतो आहे, तुम्हाला माझा चेहरा दिसत नाही. नुसत्या आवाजावरून तुम्ही माझं गाव, कदाचित माझं नावही मनात ठरवलं असेल. भाषेवरून माणूस ओळखायची ही सवय आपल्या सगळ्यांनाच आहे. पुण्याशी नातं असलेल्या दोन गाण्यांनी मला या सवयीकडं नीट पाहायला शिकवलं.

पहिलं गाणं १९३९ सालचं. प्रभात फिल्म कंपनी १९२९ साली कोल्हापुरात निघाली आणि १९३३ साली पुण्यात आली. आज फिल्म इन्स्टिट्यूट आहे तीच ती जागा. तिथं व्ही. शांतारामांनी ‘माणूस’ हा चित्रपट केला. गणपत हा पोलीस शिपाई आणि मैना ही वेश्यावस्तीतली बाई, यांची ती कहाणी. गणपत झाले होते शाहू मोडक आणि मैना झाल्या होत्या शांता हुबळीकर. कलादिग्दर्शन साहेबमामा फत्तेलालांचं. ‘संत तुकाराम’मधलं देहू उभं करणारे शेख फत्तेलाल ते हेच. त्यांनी इथं मैनेची वस्ती उभी केली.

या चित्रपटात मैना एक गाणं म्हणते, ‘कशाला उद्याची बात’. शब्द अनंत काणेकरांचे, संगीत मास्टर कृष्णरावांचं. गाणं मराठीत उघडतं आणि मग उत्तरेच्या, दक्षिणेच्या निरनिराळ्या भाषांत फिरून येतं. समोर बसलेली गिऱ्हाइकं वेगवेगळ्या मुलखांतली आहेत. प्रत्येकाला त्याच्या बोलीत गाणं ऐकवलं तरच पैसे मिळणार. म्हणजे बहुभाषिकपणा इथं मैनेच्या पोटाचा प्रश्न आहे. पण शांताबाई भाषा बदलतात तेव्हा नुसते शब्द बदलत नाहीत. डोळे, मान, हातांचे हावभाव, उभं राहायची ढब, सगळंच बदलतं. क्षणापूर्वीची बाई ती हीच का, असा प्रश्न पडावा! प्रभातच्या रिवाजाप्रमाणं हाच चित्रपट ‘आदमी’ या नावानं हिंदीतही निघाला. त्याची गीतं मुन्शी अझीझ यांची.

आणखी एक गोष्ट. मराठी माणसाच्या ओठांवर हे गाणं ज्यांनी ठेवलं, त्या शांताबाई हुबळीकडच्या. त्यांची मायबोली कानडी. मराठी त्यांनी कमावली होती.

दुसरं गाणं १९८८ सालचं. त्या वर्षी १५ ऑगस्टला लाल किल्ल्यावरचं पंतप्रधानांचं भाषण संपलं आणि दूरदर्शनवर धबधब्याजवळ उभे असलेले पंडित भीमसेन जोशी दिसले. भैरवीचे सूर लागले. ‘मिले सुर मेरा तुम्हारा’ असं पहिल्यांदा घरोघरी पोचलं. मूळ हिंदी शब्द पीयूष पांडे यांचे. संगीतरचनेत अशोक पत्की आणि लुई बँक्स यांचा हात. सुमारे सहा मिनिटांत एकच भावना चौदा भाषांतून पुढं सरकत गेली. दृश्यंही तशीच, कुठं डोंगर, कुठं शेत, कुठं समुद्र, कुठं आगगाडी. ‘म्युझिक व्हिडिओ’ हा शब्द आपल्याकडं रुळला तो नव्वदच्या दशकात, केबलच्या वाहिन्या आल्यावर. पण वस्तू आपल्याला आधीच पाहायला मिळाली होती.

भीमसेनजी पुण्याचेच झाले होते. १९५३ साली त्यांनी गुरूंच्या स्मरणार्थ सुरू केलेला सवाई गंधर्व महोत्सव काही वर्षं सदाशिव पेठेतल्या रेणुका स्वरूप प्रशालेच्या पटांगणातही रात्र रात्र रंगला. पण तेही मूळचे गदगकडचे, मायबोली कानडीच. गदग आणि हुबळी तेव्हा मुंबई इलाख्याच्या एकाच धारवाड जिल्ह्यात होते. भीमसेनांचे गुरू सवाई गंधर्व कुंदगोळचे आणि सवाई गंधर्वांचे गुरू अब्दुल करीम खाँ उत्तरेतल्या कैराण्याचे. ज्या आवाजाला आपण अभिमानानं ‘पुण्याचा आवाज’ म्हणतो, त्याचं कुळ असं दूरवर पसरलेलं आहे.

ही दोन्ही गाणी शेजारी शेजारी ठेवून पाहिली की एक फरक ध्यानात येतो. १९८८च्या गाण्यात भाषेगणिक माणूस बदलतो, पोशाख बदलतो, मुलूखही बदलतो. काश्मिरी बोलणारा काश्मीरमध्ये दिसतो, पंजाबी बोलणारा पंजाबात. सगळे आपापल्या जागी उभे राहून एकमेकांना साद घालतात. चित्र सुंदर आहे, त्यानं माझे डोळे भरून आले आहेत. तरीही त्या चित्राचा एक नियम आहे, एका माणसाला एक भाषा. १९३९च्या गाण्यात तो नियम नाही. तिथं बाई एकच आहे आणि सगळ्या भाषा तिच्या एकटीच्या गळ्यात आहेत.

आपलं रोजचं जगणं मला या दुसऱ्या चित्रासारखं वाटतं. मंडईतली भाजीवाली गिऱ्हाइकाचा चेहरा पाहून भाषा बदलते. रिक्षावाला बदलतो, दवाखान्यातली परिचारिका बदलते. सोलापूरच्या चाळीत घरात तेलुगू, दारात मराठी, कामावर हिंदी असं पिढ्यान्‌पिढ्या चालत आलं आहे. ही माणसं जनगणनेच्या तक्त्यात मातृभाषेच्या एका रकान्यात बसवली जातात. जगताना मात्र ती मैनेसारखीच जगतात.

हे आज आवर्जून सांगायचं कारण असं. ऑक्टोबर २०२४ मध्ये मराठीला अभिजात भाषेचा दर्जा मिळाला, आपण सगळेच आनंदलो. पुढच्याच वर्षी शाळेत पहिलीपासून हिंदी शिकवण्याच्या निर्णयावरून महाराष्ट्रात वादळ उठलं आणि जूनअखेर शासनानं तो निर्णय मागं घेतला. लहान पोरांवर वरून भाषा लादू नये, हे मला पूर्ण मान्य आहे. पण त्याच गदारोळात मराठी येत नाही म्हणून रस्त्यात कुणाला मारहाण झाली, हे वाचून मान खाली गेली. लादलेली भाषा आणि मारून वदवून घेतलेली भाषा, दोन्ही गळ्याखाली उतरत नाहीत. मैनेनं मराठीची साथ सोडली नाही. मराठीतून ती निघाली आणि इतर भाषांत हिंडून आली, त्यानं मराठीचं काही कमी झालं का? उलट तिच्या गाण्यामुळं मराठी गाणं मराठी मुलखाबाहेरही माहीत झालं.

शांता हुबळीकरांच्या वाट्याला पुढं अंधार आला. त्या पडद्यावरून दिसेनाशा झाल्या. उतारवयातली वर्षं त्यांनी वृद्धाश्रमात काढली आणि १९९२ साली त्या गेल्या. आत्मचरित्राला त्यांनी त्याच गाण्याचं नाव दिलं होतं. ज्या आवाजानं गिऱ्हाइकाला त्याच्या भाषेत रिझवलं, त्या आवाजाला उद्याची काळजी कुणी विचारली नव्हती. ‘मिले सुर’ आपण स्वातंत्र्यदिनी आठवणीनं ऐकतो, ते ऐकावंच. त्यानंतर पाचदहा मिनिटं काढून मैनेचं गाणंही पाहा. एकट्या बाईच्या गळ्यात इतकी सगळी माणसं कशी मावली, ते डोळ्यांनी पाहण्यासारखं आहे.