कृत्तिकांची साक्ष

शहादा तालुक्यातले पुरुषोत्तमनगर हे साखर कारखान्याचे गाव. उत्तरेला सातपुड्याची रांग आणि पूर्वेकडे तापीच्या खोऱ्यातील सपाट शेते. कार्तिक महिन्यात दिवस मावळल्यावर येथील शाळेच्या मैदानावर उभे राहून पूर्वेकडे पाहिले, तर क्षितिजाच्या थोडा वर ताऱ्यांचा एक लहानसा झुबका दिसतो. याच कृत्तिका. पौर्णिमेचा चंद्र या महिन्यात त्यांच्या आसपास असतो, म्हणून महिन्याचे नाव कार्तिक.

मुलांना कृत्तिका दाखवल्या की गोष्टही सांगावी लागते. या सहा माता. त्यांनी स्कंदाला दूध पाजले, म्हणून तो कार्तिकेय. मग एखादा चौकस विद्यार्थी विचारतो, ‘‘सर, हे खरं आहे का?’’ येथे आपली थोडी पंचाईत होते. ‘या सगळ्या भाकडकथा’ असे म्हणावे, तर हजारो वर्षे माणसांनी त्या जपल्या का, याचे उत्तर मिळत नाही. ‘आपल्या पूर्वजांना सारे विज्ञान ठाऊक होते’ असे म्हणावे, तर ते सत्याला धरून नाही. या दोहोंपेक्षा वेगळी वाट एका शिक्षकाने शंभराहून अधिक वर्षांपूर्वी दाखवली आहे. पण त्याआधी इतर देशांतील आकाशदेवतांची थोडी ओळख करून घेऊ.

आकाशातल्या देवी

प्राचीन इजिप्तमध्ये आकाश ही ‘नूत’ नावाची देवी होती. पृथ्वीवर कमान करून वाकलेली ही देवी संध्याकाळी सूर्याला गिळते आणि सकाळी त्याला पुन्हा जन्म देते. राजांच्या थडग्यांच्या छतांवर तिची चित्रे आहेत. इजिप्तची दुसरी देवी ‘सोपदेत’ म्हणजे आपला व्याधाचा तारा. सुमारे सत्तर दिवस सूर्याच्या तेजात लपल्यानंतर व्याध पहाटे पुन्हा दिसला की नाईल नदीला पूर येण्याचे दिवस आले, असे तेथील लोक मानत.

मेसोपोटेमियात शुक्र ही ‘इनाना’ किंवा ‘इश्तार’ देवी. ती पाताळात उतरते आणि परत येते, अशी कथा आहे. शुक्रही कधी संध्याकाळी, कधी पहाटे दिसतो आणि मध्यंतरी नाहीसा होतो. बाबिलोनचा राजा अम्मीसदुक याच्या काळातील शुक्राच्या उदयास्तांच्या २१ वर्षांच्या नोंदी मातीच्या विटेवर उतरवलेल्या मिळाल्या आहेत. तेथे देवीची पूजा आणि ग्रहाची नोंद हातात हात घालून चालली होती.

आपल्याकडे ऋग्वेदात रात्री या देवतेचे स्वतंत्र सूक्त आहे. उषा ही तिची बहीण. दक्षाच्या २७ कन्या म्हणजे चंद्राच्या २७ पत्नी. चंद्र ताऱ्यांमधून आपली फेरी सुमारे २७.३ दिवसांत पुरी करतो, म्हणजे रोज साधारण एका पत्नीच्या घरी मुक्काम. त्याची आवडती रोहिणी. २०१५ ते २०१८ या काळात चंद्राने रोहिणीचा तारा दर फेरीला झाकला होता. आकाश पाहणाऱ्याला अशी जवळीक लक्षात आल्यावाचून राहत नाही.

सहा की सात?

कृत्तिकांची मोजणी मोठी गमतीची आहे. नुसत्या डोळ्यांनी बहुतेकांना सहा तारे दिसतात. पण तैत्तिरीय संहितेत नावे सात आहेत : अंबा, दुला, नितत्नी, अभ्रयंती, मेघयंती, वर्षयंती आणि चुपुणीका. यातील तीन नावे ढग आणि पाऊस यांच्याशी जोडलेली आहेत, हे ध्यानात घ्यावे.

ग्रीक लोकांच्या कथेतही या ॲटलासच्या सात मुली आहेत आणि तेथेही एक दिसेनाशी झाली आहे. त्यांच्या उदयाला कापणी आणि अस्ताला नांगरणी, असे वेळापत्रक हेसिअड या ग्रीक कवीने शेतकऱ्यांना दिले होते. १६१० मध्ये गॅलिलिओने दुर्बिणीतून पाहून या झुबक्यातील ३६ ताऱ्यांचे चित्र छापले आणि सहा-सातचा वाद मागे पडला. आज आपण जाणतो की हा सुमारे ४४० प्रकाशवर्षे अंतरावरचा, हजारभर ताऱ्यांचा गुच्छ आहे.

पतींपासून दुरावलेल्या पत्नी

आता मूळ मुद्द्याकडे येऊ. यज्ञाचा अग्नी कोणत्या नक्षत्रावर स्थापावा, याची चर्चा शतपथ ब्राह्मणात आहे. कृत्तिकांच्या बाजूने एक कारण असे दिले आहे : इतर नक्षत्रे पूर्व दिशेपासून ढळतात, कृत्तिका ढळत नाहीत. लगेच विरुद्ध बाजूचे कारणही येते. कृत्तिका या सप्तर्षींच्या पत्नी. पण त्या पूर्वेला उगवतात आणि सप्तर्षी उत्तरेला, म्हणून त्यांचा पतींशी संग घडत नाही. महाभारताच्या वनपर्वात याच कथेचा विस्तार आहे. सहा ऋषिपत्नींवर आळ येतो आणि पती त्यांचा त्याग करतात. एकटी अरुंधती वसिष्ठाजवळ राहते. वसिष्ठ ताऱ्याला चिकटलेला अरुंधतीचा अंधुक तारा आपण आजही पाहतो.

म्हणजे पाहिलेली गोष्ट एकच : हे तारे पूर्वेला, ते उत्तरेला. एका वाक्यात ती दिशेची नोंद झाली आणि दुसऱ्या वाक्यात संसाराची कथा झाली.

धुळ्याचे दीक्षित मास्तर

या वाक्याची उलटतपासणी शंकर बाळकृष्ण दीक्षित यांनी केली. १८५३ मध्ये कोकणातील मुरुड येथे जन्मलेले दीक्षित मॅट्रिकपर्यंत शिकलेले शाळामास्तर. रेवदंडा, ठाणे, बार्शी येथे नोकरी करून १८८९ मध्ये ते धुळ्याच्या ट्रेनिंग स्कूलमध्ये आले आणि १८९४ पर्यंत तेथे होते. धुळे तेव्हा खानदेश जिल्ह्याचे ठाणे होते. आजचा नंदुरबार जिल्हा तर १ जुलै १९९८ पर्यंत धुळे जिल्ह्याचाच भाग होता. तेव्हा दीक्षित हे आपल्या भागातल्या शिक्षकांचे शिक्षक, असे म्हणायला हरकत नाही.

दीक्षितांचा विचार सरळ होता. जो तारा खगोलीय विषुववृत्तावर असतो, तोच नेमका पूर्वेला उगवतो. आज कृत्तिका विषुववृत्ताच्या सुमारे २४ अंश उत्तरेला आहेत. पण पृथ्वीचा अक्ष भोवऱ्यासारखा डुलतो. एका फेरीला सुमारे २६,००० वर्षे लागतात आणि संपातबिंदू ७२ वर्षांत सुमारे एक अंश सरकतो. मग कृत्तिका विषुववृत्तावर केव्हा होत्या? गणित उत्तर देते : इ. स. पूर्व ३००० च्या सुमारास. दीक्षितांनी हे १८९५ मध्ये इंग्रजी नियतकालिकात मांडले. पुढच्याच वर्षी, १८९६ मध्ये, त्यांचा ‘भारतीय ज्योतिषशास्त्राचा प्राचीन आणि अर्वाचीन इतिहास’ हा ग्रंथ प्रसिद्ध झाला. १८९८ मध्ये, पंचेचाळिशीच्या आतच, ते वारले.

साक्ष आणि निकाल

दीक्षितांचे गणित आजही बरोबर आहे. पण त्यावरून ग्रंथ त्या काळी रचला गेला, असे सिद्ध होते का? भाषेच्या अभ्यासकांच्या मते शतपथ ब्राह्मण इ. स. पूर्व पहिल्या सहस्रकातले. इ. स. पूर्व ८०० च्या सुमारास कृत्तिका पूर्वबिंदूच्या बारा-तेरा अंश उत्तरेला उगवत असणार. तेव्हा ती जुनी आठवण पुढे सांगितलेली असेल, किंवा ‘पूर्व’ हा शब्द ढोबळपणे वापरलेला असेल. अनेक संशोधकांनी दीक्षितांचा निष्कर्ष मान्य केलेला नाही आणि वाद मिटलेला नाही.

म्हणून दीक्षितांची पद्धत निरुपयोगी ठरत नाही. त्यांनी कथेला हसण्यावारी नेले नाही आणि तिच्यापुढे नुसते हातही जोडले नाहीत. तिला साक्षीदार मानून प्रश्न विचारले. साक्षीदाराची आठवण चुकू शकते; पण त्याला न विचारताच घरी पाठवणे हाही अन्यायच. अर्थात प्रत्येक कथेत निरीक्षण दडलेले असते, असे मात्र समजू नये. पडताळा मिळेल तेवढेच घ्यावे.

मैदानावरचा प्रयोग

हा पडताळा मुलांना स्वतः घेता येईल. २३ सप्टेंबरच्या सुमारास सूर्य जेथे उगवतो ती जागा मैदानावरून पाहून एखाद्या झाडाची किंवा खांबाची खूण धरा. ती नेमकी पूर्व. कार्तिकात त्याच जागी उभे राहून कृत्तिका कोठे वर येतात ते पाहा. हात लांब करून धरलेली मूठ म्हणजे साधारण दहा अंश. पुरुषोत्तमनगरहून कृत्तिका खुणेच्या डावीकडे, म्हणजे उत्तरेकडे, सुमारे अडीच मुठींवर उगवतात. क्षितिजाजवळच्या धुरकटपणामुळे त्या थोड्या वर आल्यावरच दिसतील. तोवर हे अंतर दोन मुठींच्या आसपास आलेले असेल. मध्यरात्री त्या जवळजवळ डोक्यावर येतात.

कृत्तिका पूर्वेपासून ढळत नाहीत, असे ग्रंथ सांगतो. मैदानावर मात्र त्या अडीच मुठी ढळलेल्या दिसतात. त्या अडीच मुठींत सुमारे पाच हजार वर्षे सामावली आहेत. ‘‘सर, हे खरं आहे का?’’ असे विचारणाऱ्या विद्यार्थ्याला त्या रात्री एवढेच सांगावे, ‘‘चल, मोजून पाहू.’’