भरवशाची म्हैस आणि जर्मन मोटार

श्रावणातल्या एका रविवारी माझा एक जुना विद्यार्थी घरी आला. हल्ली तो तालुक्याच्या गावी शेतीच्या औषधांचे दुकान चालवतो. पेढ्यांचा पुडा पुढे ठेवून तो म्हणाला, "गुरुजी, जर्मन मोटार घ्यायची म्हणतो. नवी काही झेपत नाही. पण पुण्यात सात वर्षं वापरलेली एक मिळतेय. आपल्या साध्या नव्या गाडीच्या पैशात जर्मन गाडी! तुमचं काय मत?"

मी म्हटले, "अरे, माझी मजल सायकलीच्या पलीकडे कधी गेली नाही. मला काय विचारतोस?"

"सातवीत असताना तुम्हीच वर्गात सांगितलं होतं, जर्मन माल म्हणजे डोळे मिटून घ्यावा."

झाली का पंचाईत! मास्तर बोलून जातो, घंटा होते, मास्तर विसरतो. पोरे मात्र ते वाक्य अठरा-वीस वर्षे खिशात घेऊन हिंडतात आणि एक दिवस त्यावर पैसे लावायला निघतात. आणि पैसे तरी कसले? सहा वर्षांची भिशी, आणि बाकीच्यासाठी आईच्या पाटल्या. त्याची आई मला ठाऊक आहे. लोकांची शेते खुरपून तिने या मुलाला शिकवले. त्या पाटल्या माझ्या एका वाक्यावर मोडल्या जाणार होत्या! मी त्याला म्हटले, "पंधरा दिवस थांब. पाटल्यांना हात लावू नकोस. मला एकदा माझा इतिहास तपासू दे."

तो तपासला, त्याचीच ही हकीकत.

पहिला धक्का असा बसला की, एके काळी जर्मन माल म्हणजे टाकाऊ माल असाच जगाचा समज होता. १८७६ साली अमेरिकेत फिलाडेल्फियाला मोठे औद्योगिक प्रदर्शन भरले. तिथे जर्मनीचाच प्रतिनिधी म्हणून गेलेल्या फ्रान्झ र‍्यूलो या यंत्रशास्त्राच्या प्राध्यापकाने आपल्याच देशाच्या मालावर 'स्वस्त आणि वाईट' असा शेरा मारला. मायदेशी केवढा गहजब झाला! पुढे १८८७ साली इंग्लंडने कायदा केला की, परदेशी मालावर तो कुठला आहे हे नीट छापलेच पाहिजे. गिऱ्हाइकाने 'मेड इन जर्मनी' ही अक्षरे वाचावी आणि वस्तू खाली ठेवावी, हा त्यातला मतलब. पण जर्मन कारखानदारांनी माल इतका सुधारला की, बदनामीसाठी मारलेला शिक्का पुढे बहुमानाचा ठरला. म्हणजे भरवसा ही त्यांच्या मातीत उगवलेली वस्तू नव्हे. त्यांनी ती टीका ऐकून कमावली. आणि जे कमावता येते ते गमावताही येते, हे ओघानेच आले.

दुसरी गोष्ट मॅनहाइम या एका शहराची. १८६५ च्या जानेवारीत तिथल्या एका बिअरच्या कारखान्यात वाफेचा बॉयलर फुटला. त्या काळी असे बॉयलर वरचेवर फुटत आणि माणसे मरत. तेव्हा बॉयलरवाल्या कारखानदारांनी पुढच्याच वर्षी एक मंडळ स्थापन केले. ज्याचा बॉयलर त्याने तपासायचा नाही. मंडळाच्या जाणकाराने येऊन तपासायचा. ही कल्पना जर्मनीभर पसरली. आज तिकडे मोटारींची तपासणी करणारी 'ट्यूफ' या नावाची जी मंडळे आहेत, त्यांचे मूळ या फुटलेल्या बॉयलरात आहे.

त्याच मॅनहाइममध्ये वीस वर्षांनी कार्ल बेंझने तीन चाकांची मोटार बनवली आणि १८८६ च्या जानेवारीत तिचे पेटंट मागितले. मोटार झाली, पण तिच्यात बसणार कोण? लोक तिला हसत किंवा भीत. १८८८ च्या ऑगस्टात बेंझची बायको बेर्टा हिने नवऱ्याला न सांगता मोटार बाहेर काढली आणि दोन मुलांना घेऊन ती शंभरेक किलोमीटरवरच्या फोर्त्सहाइमला, म्हणजे आपल्या माहेरी, निघाली. वाटेत इंधन संपले, तर तिने वीसलोखच्या औषधाच्या दुकानातून कपड्यांचे डाग काढायचे द्रव विकत घेऊन टाकीत ओतले. इंधनाची नळी तुंबली, ती टोपीच्या टाचणीने मोकळी केली. ब्रेकचे लाकूड झिजले, तेव्हा चांभाराकडून त्यावर चामडे ठोकून घेतले. चढावर मुलांना उतरून ढकलावे लागले. परत आल्यावर तिने नवऱ्याला सांगितले की, चढासाठी आणखी एक गिअर हवा; आणि त्याने तो बसवला.

या बाईबद्दल मला फार आदर वाटतो. तिची मोटार वाटेत कितीदा तरी अडली, तरी मोटारीवरचा जगाचा विश्वास त्या प्रवासापासूनच धरू लागला. कारण काय काय बिघडले ते तिने लपवले नाही, आणि ज्याने मोटार केली त्याने ते ऐकून घेतले.

तिसरी गोष्ट मात्र मन विषण्ण करणारी आहे. हिटलरच्या राजवटीने १९३८ साली घोषणा केली की, प्रत्येक कामकरी कुटुंबाला ९९० मार्कांत मोटार मिळेल. त्यासाठी आठवड्याला पाच मार्कांचे तिकीट घेऊन वहीत चिकटवायचे. वही भरली की मोटार दारात! सुमारे ३ लाख ३६ हजार लोकांनी ही तिकिटे चिकटवली. पोटाला चिमटा घेऊन चिकटवली असतील. त्यातल्या एकालाही त्या राजवटीकडून मोटार मिळाली नाही. युद्ध पेटले आणि कारखान्यातून लष्कराच्या गाड्या निघू लागल्या. त्याही वेठीला धरून आणलेल्या हजारो कैद्यांच्या आणि परदेशी मजुरांच्या हातून! युद्धानंतर तिकीटवाल्यांनी कोर्टात धाव घेतली. दावा चालता चालता १९६१ साल उजाडले आणि तडजोड झाली : नवी गाडी घेतल्यास ६०० मार्कांपर्यंत सूट, नाहीतर रोख १०० मार्क.

भिशीची सहा वर्षे माझ्या डोळ्यांपुढे उभी राहिली, ती इथे.

आणि तरीही पुढे भरवशाचे नाव झाले ते याच कारखान्याचे. १९४५ साली बाँबहल्ल्यांनी मोडकळीला आलेला तो कारखाना इंग्रज लष्कराच्या ताब्यात आला. आयव्हन हर्स्ट नावाच्या मेजरने तिथे साफसफाई केली, लष्करासाठी वीस हजार गाड्यांची मागणी मिळवली आणि मालाच्या तपासणीवर कडक नजर ठेवली. १९४८ पासून हाइन्झ नोर्डहॉफने सूत्रे घेतली. त्याचा कटाक्ष असा की, जिथे गाडी विकायची तिथे आधी तिच्या दुरुस्तीची आणि सुट्या भागांची सोय उभी राहिली पाहिजे. ती भुंग्यासारखी फोक्सवागन म्हणजेच 'बीटल'. १९५५ च्या ऑगस्टात तिने दहा लाखांचा आकडा गाठला, १९७२ च्या फेब्रुवारीत फोर्डच्या मॉडेल टीचा जागतिक उच्चांक मागे टाकला, आणि २००३ साली मेक्सिकोत शेवटची गाडी बाहेर पडली तेव्हा एकूण संख्या दोन कोटी पंधरा लाखांवर गेली होती.

आपल्याकडे जर्मन गाड्या श्रीमंतांच्या आधी कष्टकऱ्यांच्या दारी आल्या, हे किती जणांच्या ध्यानात आहे? टाटांनी १९५४ साली डाइमलर-बेंझशी करार करून जमशेदपुरास मालमोटारी बांधायला घेतल्या. तो करार १९६९ पर्यंत चालला. आणि आपण रोज तोंडाने म्हणतो तो 'टेम्पो' हा शब्द कुठला? हाम्बुर्गच्या एका कारखान्याच्या मालमोटारीचे ते नाव. १९५८ साली फिरोदियांच्या बजाज टेम्पो कंपनीने ती तीनचाकी इथे आणली आणि भाजीवाल्यापासून वरातीपर्यंत साऱ्यांनी ते नाव आपलेसे केले. मर्सिडीजची मोटार पुण्यात बनू लागली ती १९९५ साली, आणि फोक्सवागनचा चाकणचा कारखाना सुरू झाला तो २००९ साली.

इथवर वाचून मी खूश होतो. माझे वाक्य अगदीच वाया गेले नव्हते. पण इतिहास मध्येच मिटून ठेवता येत नाही. १९९७ साली मर्सिडीजची नवी लहान गाडी स्वीडनमध्ये एका चाचणीत उलटली. कंपनीने आधी हात झटकले. मग काही आठवडे विक्री थांबवून प्रत्येक गाडीत तोल सावरणारी यंत्रणा बसवली. २०१३ साली फोक्सवागनला आपोआप गिअर बदलणाऱ्या सोळा लाख गाड्यांतले तेल बदलून द्यावे लागले, कारण ते उष्ण आणि दमट हवेत टिकत नव्हते. मुंबई-कोकणातल्या वाचकांनी हे विशेष ध्यानात ठेवावे! आणि २०१५ च्या सप्टेंबरात तर कळसच झाला. तिच्या डिझेल गाड्यांत अशी आज्ञावली बसवलेली निघाली की, तपासणी चालू आहे हे ओळखून गाडी तेवढ्यापुरता स्वच्छ धूर सोडी आणि एरवी रस्त्यावर मोकाट. जगभर अशा सुमारे १ कोटी १० लाख गाड्या होत्या. आपल्या देशातच तीन लाखांवर. परीक्षेपुरता शहाणा होणारा विद्यार्थी मी वर्गात पुष्कळ पाहिला होता. मोटारही तशी निघावी, हे नवल! बरे, पारख करणारे तरी? जर्मनीतली मोटारवाल्यांची बलाढ्य संघटना लोकप्रिय मोटारीला बक्षीस देई. तिने मतांचे आकडे फुगवल्याचे २०१४ साली उघडकीला आले आणि तिच्या अध्यक्षाला पायउतार व्हावे लागले.

आपल्याकडे म्हण आहे, भरवशाच्या म्हशीला टोणगा. म्हैस वाईट असते असे म्हणीत कुठे म्हटलेले नाही. भरवशामुळे आपण गोठ्यात जाऊन पाहत नाही, तिथे घोटाळा होतो.

जर्मन माणूस स्वतः मात्र डोळे मिटून बसत नाही. तिथे नव्या मोटारीची पहिली सरकारमान्य तपासणी तीन वर्षांनी, आणि मग दर दोन वर्षांनी; ही सक्ती १९५१ पासून आहे. किलोमीटरचा काटा मागे फिरवणे हा २००५ पासून फौजदारी गुन्हा आहे. आपल्याकडे खासगी मोटारीची नोंदणी पंधरा वर्षांची असते आणि ती पुन्हा करायची वेळ येते तेव्हा तपासणी होते. म्हणजे मधल्या काळात गाडी हातोहात फिरली, तर तिचा निरीक्षक कोण? घेणारा.

पंधरा दिवसांनी मी विद्यार्थ्याला हे सारे सांगितले आणि त्याच्याबरोबर पुण्याला गेलो. आमच्या संगतीला त्याच्या ओळखीचा एक जाणता मिस्त्री होता. मोटार काय झळकत होती! आमच्या पोराने तिच्या नाकावरच्या चिन्हावरून हात फिरवला, तेव्हाच माझ्या पोटात गोळा आला. मिस्त्रीने मात्र चिन्हाकडे पाहिलेच नाही. त्याने रात्रभर थंड असलेले इंजिन आपल्यादेखत सुरू करायला लावले. पायपुसणी उचलून खाली गाळ किंवा गंज आहे का ते पाहिले. २००५ च्या सव्वीस जुलैनंतर ही सवय लागली, म्हणाला. चासीचा आकडा नोंदणीच्या कागदाशी ताडला, बँकेचा बोजा उतरला आहे का ते विचारले. मग टायरच्या कडेवरचे चार आकडे मला दाखवले. पहिले दोन आठवड्याचे, पुढचे दोन सालाचे. टायर दोनदा बदललेले होते आणि काटा दाखवत होता बेचाळीस हजार किलोमीटर!

"सर्व्हिसची वही?" त्याने विचारले.

वही आली. त्यात तीन वर्षांपूर्वीची एक नोंद होती : एकसष्ट हजार. विकणाऱ्याने ती नजरचूक म्हणून हसण्यावारी नेली. आम्ही चहा नको म्हणून उठलो.

परतीच्या एस.टी.त पोरगा बराच वेळ गप्प होता. मग म्हणाला, "गुरुजी, तुमचं वाक्य खोटं होतं म्हणायचं?"

मी म्हटले, "अर्धं होतं. माल घ्यावा; डोळे मात्र उघडे ठेवून. तेवढं दुरुस्त करून घे."

दसऱ्याच्या आधी त्याला दुसरी मोटार मिळाली. एक वर्षाने अधिक जुनी आणि रंगाने फिकी, पण पहिल्या दिवसापासूनच्या नोंदी असलेली. गिअरबॉक्सचे तेल कधी बदलले तेही वहीत होते. ती दुरुस्त करणारा कारखाना त्याच्या गावापासून तासाभराच्या वाटेवर आहे, याची चौकशी त्याने आधी केली. वर्षाला दुरुस्तीचा खर्च किती येईल तो आकडा लिहून घेतला आणि तेवढे पैसे बाजूला काढले. हिशेब जमला तेव्हा पाटल्या मोडाव्या लागल्या नाहीत. दसऱ्याला त्याच्या आईने मोटारीला हळदकुंकू लावले, तेव्हा त्या तिच्या हातात होत्या.

मोटार कोणत्या कंपनीची, हे सांगायचे मी मुद्दाम टाळतो. सांगितले तर तुमच्यापैकी कोणीतरी ते नाव घेऊन डोळे मिटून बाजारात जाईल, आणि अठरा वर्षांनी मला पुन्हा इतिहास तपासावा लागेल.