कामी : जपानचे देव, भुते आणि मधली पुसट रेघ

कामी : जपानमधील शिंतो परंपरेत पूजल्या जाणाऱ्या दैवी शक्तींचे सामान्य नाव. सूर्य, वादळ, डोंगर, धबधबा, जुनाट वृक्ष, भाताचे शेत, पूर्वज, सम्राट, हद्दपारीत मेलेला मंत्री, लढाईत पडलेला शिपाई यांपैकी कोणीही कामी होऊ शकतो. परंपरा त्यांची संख्या ऐंशी लाख सांगते. तेहतीस कोटींची सवय असलेल्या वाचकाला हा आकडा किरकोळ वाटेल. मोजदाद मात्र दोन्हीकडे कोणी केलेली नाही. अठराव्या शतकातले पंडित मोतोओरी नोरिनागा (१७३०–१८०१) यांनी ‘कोजिकी’ या ग्रंथावरच्या भाष्यात कामीचे लक्षण बांधले, ते असे : जे नेहमीपेक्षा वेगळे, विलक्षण सामर्थ्याचे आणि धाक वाटावा असे असेल ते कामी, मग ते भले असो वा वाईट. हा शेवटचा भाग विसरला, तर जपानी दैवतांचा संसार कळत नाही. तिथे देव चांगला असतो म्हणून पूजला जात नाही. पुष्कळदा तो पूजला जातो म्हणून चांगला वागू लागतो.

मूळ कथा दोन ग्रंथांत आहेत : ओ नो यासुमारो यांनी ७१२ मध्ये दरबाराला सादर केलेला ‘कोजिकी’ आणि ७२० मध्ये पुरा झालेला ‘निहोन शोकी’. राजघराण्याची वंशावळ थेट सूर्यदेवीपर्यंत नेऊन भिडवणे हा दोन्हींमागचा एक उघड हेतू. तरीही या कथा दरबारी झिलईने गुळगुळीत झालेल्या नाहीत. इझानागी आणि इझानामी हे आदिदांपत्य रत्नजडित भाल्याने समुद्र ढवळते आणि भाल्याच्या टोकावरून ठिबकणारे खारे पाणी साकळून पहिले बेट तयार होते. पुढे अग्निदेवाला जन्म देताना इझानामी भाजून मरते. तिला परत आणायला नवरा योमी या मृतांच्या प्रदेशात जातो, ‘माझ्याकडे पाहू नकोस’ असे तिने बजावलेले असताना उजेड करून पाहतो आणि किड्यांनी भरलेले शरीर दिसताच पळ काढतो. वाटेवर लोटलेल्या प्रचंड शिळेच्या एका बाजूने ती रोज हजार माणसे मारीन म्हणते. दुसऱ्या बाजूने तो रोज दीड हजार जन्माला घालीन असे उत्तर देतो. मग मृत्यूचा विटाळ धुण्यासाठी तो नदीच्या मुखाशी स्नान करतो. डावा डोळा धुताना सूर्यदेवी आमातेरासु, उजवा धुताना चंद्रदेव त्सुकुयोमी आणि नाक धुताना सुसानोओ जन्मतो. जपानची सर्वांत वंदनीय देवता अशी सुतकाच्या आंघोळीतून आली आहे. आजही देवस्थानात शिरण्याआधी हात आणि तोंड धुतात, त्याचे नाते सांगताना भाविक याच कथेकडे बोट दाखवतात.

या भावंडांत खरा रंगतदार सुसानोओ. बहिणीच्या राज्यात तो भातखाचरांचे बांध फोडतो, पाट बुजवतो, तिच्या पवित्र दालनात विष्ठा करतो आणि शेवटी विणकामाच्या घरावर सोललेला घोडा फेकतो. आमातेरासु रुसून गुहेत जाऊन बसते आणि जग अंधारते. देव बाहेर सभा भरवतात, आरसा टांगतात. आमे-नो-उझुमे ही देवी उपडी घातलेल्या टोपावर असा काही उघडावाघडा नाच करते, की सगळे देव खो खो हसू लागतात. कुतूहलाने सूर्यदेवी दार किलकिले करते आणि तिला बाहेर ओढले जाते. सुसानोओला हाकलून देतात, आणि हाच दांडगोबा इझुमोच्या भूमीवर उतरल्यावर नायक होतो. आठ डोक्यांच्या सर्पाला मद्य पाजून तो मारतो, त्याच्या तोंडी जाणाऱ्या मुलीला वाचवतो आणि सर्पाच्या शेपटीतून निघालेली तलवार बहिणीकडे पाठवतो. आरसा, तलवार आणि मणी ही जपानच्या सम्राटाची तीन राजचिन्हे. त्यांतल्या दोघांचा उगम या एका भांडणात सांगितला जातो.

इझुमोचाच दुसरा देव ओकुनिनुशी. त्याने आपली भूमी आमातेरासुच्या वंशजांना सोडून दिली आणि मोबदल्यात भव्य निवास मागितला, अशी कथा आहे. तो निवास म्हणजे इझुमोचे महामंदिर. एकेकाळी हे मंदिर आजच्या दुप्पट, म्हणजे सुमारे ४८ मीटर उंच होते, ही दंतकथा बरीच वर्षे कोणी फारशी मनावर घेत नव्हते. २००० साली आवारात खणताना तीन-तीन ओंडके एकत्र बांधून केलेल्या प्रचंड खांबांचे बुंधे सापडले आणि हसणारे गप्प झाले. जुन्या पंचांगाच्या दहाव्या महिन्यात देशभरचे देव इथे जमतात, अशी समजूत आहे. त्यामुळे हा महिना इतर प्रांतांत ‘देव नसलेला’ आणि इझुमोत ‘देव असलेला’ म्हणून ओळखला जातो.

कामीला सहसा मूर्ती नसते. गाभाऱ्यात आरसा, तलवार किंवा दगड असतो आणि तोही झाकलेला. पुजाऱ्यालाही तो पाहायला मिळेलच असे नाही. नारा परिसरातील ओमिवा देवस्थानाला तर गाभाराच नाही, मागचा मिवा डोंगरच देव. आमातेरासुचे इसे येथील स्थान दर वीस वर्षांनी शेजारच्या मोकळ्या भूखंडावर जसेच्या तसे नवे बांधतात आणि देवीला रात्रीच्या अंधारात तिकडे नेतात. २०१३ मध्ये हा विधी बासष्टाव्यांदा झाला. देवाचा अंश काढून दुसरीकडे स्थापताही येतो, आणि मूळ देवात त्याने काही उणे होत नाही. भातपिकाचा आणि पुढे व्यापाराचा देव इनारी असाच देशभर पसरला. क्योतोतल्या फुशिमी येथील त्याच्या मूळ स्थानामागे हजारो शेंदरी तोरणांची रांग डोंगर चढत जाते. कोल्हे हे त्याचे निरोपे. ते स्वतः देव नव्हेत, हे पुजारी सांगत राहतात आणि भाविक फारसे मनावर घेत नाहीत.

भूत देव कसे होते, याचा पुरावा मात्र पुराणापेक्षा इतिहासात चांगला मिळतो. आठव्या-नवव्या शतकांत जपानी दरबारात कटकारस्थाने, हद्दपारी आणि संशयास्पद मृत्यू नित्याचे होते. त्यानंतर साथ आली, पूर आला, राजपुत्र आजारी पडला, की अन्यायाने मेलेल्या कुणाचा तरी कोप झाला असे निदान होई. अशा सूडाने पेटलेल्या आत्म्यांना ‘गोर्यो’ म्हणत. ८६३ मध्ये दरबाराने शिन्सेन्एन या राजोद्यानात सहा आत्म्यांसाठी शांतिविधी केला. त्यांत राजपुत्र सावारा होता. कटाच्या आरोपाखाली हद्दपारीच्या वाटेवर अन्नावाचून मेलेल्या या राजपुत्राला ८०० साली, म्हणजे मृत्यूनंतर पंधरा वर्षांनी, चक्क सम्राटपद बहाल करण्यात आले होते.

याच मालिकेतला सर्वांत गाजलेला आत्मा सुगावारा नो मिचिझाने (८४५–९०३). हा विद्वान कवी गुणवत्तेच्या बळावर मंत्रिपदाला पोहोचला. फुजिवारा घराण्याला ते खुपले, आणि ९०१ मध्ये खोट्या आरोपावरून त्याची रवानगी दूर क्यूशूतल्या दाझाइफुला झाली. दोन वर्षांनी तो तिथेच खंगून मेला. मग ९०९ मध्ये त्याचा मुख्य वैरी फुजिवारा नो तोकिहिरा ऐन तारुण्यात गेला, ९२३ मध्ये युवराज गेला. घाबरलेल्या दरबाराने मिचिझानेला जुने पद परत दिले. ते पुरले नाही. ९३० मध्ये राजवाड्याच्या सेइर्योदेन या दालनावर वीज पडून सरदार मेले, आणि काही महिन्यांतच सम्राट दाइगोही वारला. ९४७ मध्ये क्योतोच्या उत्तरेला कितानो येथे मिचिझानेचे देवस्थान उभे राहिले. ९९३ मध्ये त्याला महामंत्रिपद मिळाले. मेलेल्या माणसाची बढती होत राहणे आणि प्रत्येक बढतीने त्याचा राग उतरत जाणे, हा व्यवहार दरबाराने अगदी फायलीतल्या शिस्तीने पार पाडला. आज तो ‘तेन्जिन’, विद्येचा देव. परीक्षेच्या दिवसांत शाळकरी मुले त्याच्याकडे लाकडी पाट्यांवर आपले नवस लिहून टांगतात. विजेचा कोप त्यांच्यापैकी कितींच्या ध्यानात असेल, कोण जाणे.

बंडखोर योद्धा ताइरा नो मासाकादो इतका निवळलेला नाही. ९४० मध्ये तो मारला गेला. त्याचे मस्तक जिथे पुरले म्हणतात, ती जागा तोक्योतल्या ओतेमाची या बँकांच्या भागात आहे आणि तिथे उत्तुंग इमारतींच्या मध्ये तेवढा तुकडा मोकळा राखलेला आहे. १९२३च्या भूकंपानंतर अर्थखात्याने तिथे तात्पुरती कचेरी बांधली. १९२६ मध्ये अर्थमंत्री हायामी सेइजी पदावर असतानाच वारले आणि चर्चा इतकी वाढली, की शांतिविधी करावे लागले. कांदा देवस्थानात मासाकादो शतकानुशतके पूजला जात होता. १८७४ मध्ये सम्राट दर्शनाला येणार म्हणून या राजद्रोह्याला मुख्य गाभाऱ्यातून हलवले. तो परतला १९८४ मध्ये.

क्योतोच्या प्रसिद्ध गिओन उत्सवाची मुळेही साथीच्या भयात आहेत. ८६९ मध्ये प्रांतांच्या संख्येइतके, म्हणजे ६६ भाले उभारून रोगराईला शांत केले, अशी त्याची परंपरा. इथे पूजला जाई तो गोझु तेन्नो, बैलाच्या डोक्याचा रोगदेव. श्रावस्तीच्या जेतवनाचा रक्षक म्हणून त्याची ओळख दिली जाई आणि ‘गिओन’ हे जेतवनाचेच जपानी नाव. पुढे गोझु तेन्नो आणि सुसानोओ एकच मानले गेले. म्हणजे बांध फोडणारा, सर्प मारणारा, साथ आणणारा आणि साथीपासून राखणारा, हे सगळे एकाच देवाच्या खात्यावर जमा झाले.

अशी सरमिसळ बौद्ध धर्माने हजार वर्षे पोसली. कामी हे बुद्ध-बोधिसत्त्वांचे स्थानिक अवतार होत, हा सिद्धांत रुळला, आणि बौद्ध ग्रंथांबरोबर भारतातली दैवतेही चीनमार्गे आली. सरस्वती बेन्झाइतेन झाली. तिच्या हाती वीणेऐवजी बिवा हे तंतुवाद्य आले आणि तिची ठाणी बेटांवर, पाण्याकाठी वसली. महाकालाचा दाइकोकुतेन झाला : तांदळाच्या पोत्यांवर उभा, हसरा, गुबगुबीत, त्याला ओकुनिनुशीशी जोडले गेले. यम तिथे एन्मा आहे, इंद्र ताइशाकुतेन. आणि गणपती? तो कांगितेन : गजमुखी जोडप्याच्या आलिंगनाच्या रूपात, बहुधा कुलुपात. तोक्योतल्या आसाकुसाजवळच्या मात्सुचियामा येथे त्याला मुळ्यांचा नैवेद्य असतो. हा कडक देव मानला जातो; पूजेत हयगय केली तर उलटतो म्हणतात, त्यामुळे घरी पुजण्याच्या भानगडीत सहसा कोणी पडत नाही. १८६८ मध्ये मेइजी सरकारने देवस्थाने आणि बुद्धमंदिरे वेगळी करण्याचे फर्मान काढले. गोझु तेन्नोचे नाव पुसले, गिओनच्या देवळाला यासाका हे नाव मिळाले, अनेक ठिकाणी मूर्ती फोडल्या गेल्या.

नव्या राजवटीने कामी घडवण्याचे कामही हाती घेतले. १८६९ मध्ये स्थापलेल्या आणि पुढे यासुकुनी म्हणून ओळखल्या गेलेल्या तोक्योतील देवस्थानात युद्धात मेलेल्या सुमारे साडेचोवीस लाख लोकांना देवत्व दिलेले आहे. १९७८ मध्ये त्यांत दुसऱ्या महायुद्धातील चौदा ‘अ’ वर्गाचे युद्धगुन्हेगार गुपचूप मिळवले गेले. एकदा सामावलेला आत्मा वेगळा काढता येत नाही, अशी देवस्थानाची भूमिका आहे. चीन-कोरियाशी दर काही वर्षांनी उसळणारा वाद या धर्मशास्त्रीय मुद्द्याशी येऊन अडतो. जपानचे सम्राट १९७५ नंतर तिथे गेलेले नाहीत.

ज्यांना देऊळ मिळाले नाही, ते योकाई. लोकसंस्कृतीचे अभ्यासक यानागिता कुनिओ यांनी तोनो परिसरातल्या कथा १९१० मध्ये छापल्या. योकाई म्हणजे पदभ्रष्ट झालेले देव, असे ते पुढे मांडत. कोमात्सु काझुहिको यांनी ते अधिक नेमके केले : पूजा होते तो कामी, होत नाही तो योकाई, आणि एकच आत्मा दोन्ही बाजूंना जाऊ-येऊ शकतो. नदीतला काप्पा पाहा. डोक्यावरच्या खळग्यात पाणी, आवड काकडीची, खोड घोडे आणि पोरे पाण्यात ओढण्याची. पण काही गावांत तोच जलदेव म्हणून मान घेतो. ओइवा या सोशीक स्त्रीचे भूत १८२५ मधल्या काबुकी नाटकाने घराघरांत पोहोचवले, आणि आज ती भूमिका करण्यापूर्वी नटमंडळी योत्सुयातल्या तिच्या देवस्थानी पाया पडून येतात. वापरून टाकलेली भांडीकुंडी शंभर वर्षांनी जिवंत होऊन सूड घेतात, असेही मध्ययुगीन चित्रकथा सांगतात. शिवणकाम करणारे मोडक्या सुया मऊ तोफूत टोचून त्यांना निरोप देतात, तो विधी त्याच वृत्तीचा.

नोतो द्वीपकल्पातल्या शेतकरी घरांत पाळली जाणारी ‘आएनोकोतो’ ही चाल या साऱ्याची घरगुती बाजू दाखवते. कापणीनंतर डिसेंबरात घरधनी ठेवणीतले कपडे घालून शेताच्या देवाला घरी घेऊन येतो, न्हाणीघरात नेतो, पाणी ठीक आहे ना विचारतो, पाटावर बसवतो. देवाला नीट दिसत नाही असे मानतात, म्हणून यजमान एकेक पदार्थ सांगत वाढतो : हा भात, हा मासा, हा मुळा. समोर अर्थात कोणीच दिसत नसते. फेब्रुवारीत असाच पाहुणचार करून त्याला पुन्हा शेताकडे पाठवतात.

नवे आत्मे अजून भरती होत आहेत, किंवा जुने पुन्हा कामावर घेतले जात आहेत. १८४६ च्या एका छापील पत्रकात हिगो प्रांताच्या समुद्रातून आलेल्या, चोच, लांब केस आणि खवले असलेल्या आमाबिए या जीवाची बातमी आहे. साथ आली तर माझे चित्र काढून लोकांना दाखवा, असे सांगून तो पाण्यात गेला. २०२० मध्ये करोना पसरताच हजारो जपानी लोकांनी आमाबिए रेखाटून समाजमाध्यमांवर टाकला, मिठाईवाल्यांनी त्याच्या आकाराची मिठाई केली, आणि आरोग्य मंत्रालयानेही संसर्ग रोखण्याच्या भित्तिपत्रकावर त्याचेच चित्र छापले.