निकाल आणि त्याची कारणे

घरातील तंटा कोर्टात गेला की लोक विचारतात, निकाल कोणाच्या बाजूने लागला? तो का लागला, हे फारसे कोणी विचारीत नाही. वास्तविक स्त्रीच्या दृष्टीने हा दुसरा प्रश्नही तितकाच महत्त्वाचा आहे.

रखमाबाईंचे लग्न अकराव्या वर्षी दादाजी भिकाजी यांच्याशी झाले. पुढे त्या नांदावयास गेल्या नाहीत, म्हणून दादाजींनी मुंबई हायकोर्टात दावा लावला. २१ सप्टेंबर १८८५ रोजी न्यायमूर्ती पिन्हे यांनी तो फेटाळला व कारणेही दिली. अजाण वयात लग्न लागलेल्या आणि कधीच नांदावयास न गेलेल्या स्त्रीस बळाने पाठविण्यास आधार नाही. असला दावा मूळचा विलायती, हिंदु कायद्यातला नव्हे, असे ते म्हणाले. १८८६ साली अपिलात ही कारणे तपासली गेली, अमान्य झाली व खटला परत आला. मार्च १८८७ मध्ये न्यायमूर्ती फॅरन यांनी 'नांदावयास जा, नाहीतर सहा महिने कैद' असा हुकूम दिला. रखमाबाईंनी कैद पत्करण्याची तयारी दाखविली. १८८८ साली दोन हजार रुपयांवर तडजोड झाली, आणि पुढे त्या विलायतेत शिकून डॉक्टर झाल्या.

पिन्हे यांचा निकाल टिकला नाही. परंतु त्याची कारणे सर्वांसमोर असल्यामुळे शहाण्यासुरत्यांना त्यांवर वाद घालता आला. अशा स्त्रीस कैद करण्याची तरतूद १९२३ साली कायद्यातून गेली.

पुढे १९८४ साली कौटुंबिक न्यायालयांचा कायदा झाला. पुणे व मुंबई येथे १९८९ साली ही न्यायालये निघाली. येथे वकील हक्काने देता येत नाही आणि साक्षी विस्ताराने लिहून घेण्याचेही बंधन नाही. तथापि कलम १७ प्रमाणे निकालपत्रात प्रकरणाची हकीकत, निर्णयाचे मुद्दे, निर्णय आणि त्याची कारणे, ही चारही हवीतच. बाकी सारे सैल केले, कारणे मात्र सोडली नाहीत. ज्या बाईजवळ वकील नाही, तिला अपिलासाठी दुसरा आधार तो कोणता?

आपल्या शिंदखेड्यातील स्त्री पोटगीचा अर्ज तालुक्याच्या कोर्टात करते. तेथेही पोटगीच्या अखेरच्या हुकुमात कारणे हवीत, हा १९७३ च्या फौजदारी संहितेचा नियम १ जुलै २०२४ पासूनच्या नव्या संहितेतही कायम आहे. तात्पुरत्या पोटगीचा हुकूमही सकारण असावा, व दोन्ही पक्षांची मिळकतीची प्रतिज्ञापत्रे आल्यावर चार ते सहा महिन्यांत तो देण्याचा प्रयत्न व्हावा, असे सर्वोच्च न्यायालयाने २०२० साली नागपूरच्या एका प्रकरणात सांगितले.

नुसता आकडा सांगितला, तर कोरडवाहू शेताचे उत्पन्न किती धरले, मुलांच्या शाळेचा खर्च धरला की नाही, हे बाईस कळावे कसे? आणि जे कळले नाही, त्याविरुद्ध तिने बोलावे काय? गावच्या पंचांचा तोंडी निवाडा याच ठिकाणी लंगडा पडतो.

म्हणून भगिनींनो, हुकुमाची नक्कल मागून घ्यावी. जिच्या बाजूने पोटगीचा हुकूम होतो, तिला ती विनामूल्य देण्याची कायद्यात तरतूद आहे. जिला वाचता येत नाही, तिला मंडळातील शिकलेल्या भगिनीने ती वाचून दाखवावी. आणि नुसत्या आकड्यावर न थांबता कारणांपर्यंत वाचावी.