ग्रीकांचे वीर आणि त्यांच्या अस्थी

ग्रीक पुराणकथा मराठीत आणू पाहणाऱ्यास पहिली अडचण येते ती 'हीरो' ह्या शब्दाची. होमरच्या महाकाव्यांत हा शब्द जिवंत योद्ध्यांना लावलेला आहे. तेथे 'वीर' म्हटले की काम भागते. परंतु ग्रीक नगरराज्यांच्या धर्मजीवनात ह्याच शब्दाला निराळा अर्थ होता. तेथे 'हीरो' म्हणजे मेलेला मनुष्य; ज्याचे सामर्थ्य मरणानंतर त्याच्या थडग्याशी टिकून राहिले आहे आणि ज्याला त्या ठिकाणी नेमाने बळी पोचला पाहिजे, असा मेलेला मनुष्य. देव आणि मर्त्य ह्यांच्यामधली ही तिसरी कोटी होय. आम्ही पुढे सोयीसाठी 'वीर' हाच शब्द वापरणार आहोत. वाचकाने मात्र शौर्याची व सद्गुणांची कल्पना त्यातून काहीशी बाजूस ठेवावी.

ती का ठेवावी, हे ॲस्टिपालिया बेटावरील क्लिओमिडीझ ह्याच्या कथेवरून कळेल. ही कथा पॉसॅनिअसने सांगितली आहे. इ. स. पू. ४९२ च्या ऑलिंपिक सामन्यांत ह्या मुष्टियोद्ध्याने आपल्या प्रतिस्पर्ध्यास ठार केले. पंचांनी त्याचा विजय नाकारला. दुःखाने भ्रमिष्ट होऊन तो गावी परतला आणि तेथल्या शाळेचे छत पेलणारा खांब त्याने पाडला. सुमारे साठ मुले त्याखाली सापडली. गावकरी दगड घेऊन मागे लागले तेव्हा तो अथीना देवीच्या आवारातील एका पेटीत शिरला. पेटी फोडून पाहतात तो आत जिवंत क्लिओमिडीझ नाही आणि मेलेलाही नाही. डेल्फीस कौल लावला. उत्तर आले की हा शेवटचा वीर; तो आता मर्त्य राहिलेला नाही, तेव्हा त्याला बळी देऊन मान द्या. गावाने कौल पाळला. ह्या पूजेच्या मुळाशी आदर फार थोडा आणि भय फार मोठे आहे, हे सांगावयास नको.

क्लिओमिडीझ शेवटचा ठरला नाही, ही गोष्ट वेगळी. इ. स. पू. ४२२ मध्ये ॲम्फिपोलिस येथे स्पार्टाचा सेनापती ब्रॅसिडास पडला. त्या नगराने त्याच्या थडग्याभोवती कुंपण घातले, वार्षिक बळी व खेळ सुरू केले आणि त्यालाच आपला संस्थापक ठरविले. खरा संस्थापक अथेन्सचा हॅग्नॉन. त्याची स्मारके पाडून टाकण्यात आली. थ्यूसिडिडीझने हे सारे अगदी थंडपणे नोंदविले आहे.

पूजाविधीविषयी जुन्या पाठ्यग्रंथांत एक सुबक विभागणी आढळते: देवांना उंच वेदी, शुभ्र पशू आणि दिवसाची वेळ; वीरांना जमिनीतील खड्डा, काळा पशू आणि रात्र. ऑलिंपिया येथे पेलॉप्सला काळा मेंढा देत असत हे खरे. परंतु गुनेल एक्रोथ ह्यांनी २००२ साली शिलालेख व ग्रंथांतील उल्लेख तपासून दाखविले की, बहुतेक ठिकाणी वीराचा बळी देवाच्या बळीसारखाच असे आणि मांसाचा प्रसाद सर्वांनी मिळून खाल्ला जाई. सीमारेषा पुसट होती, हे हेराक्लीझवरूनही दिसते. एका स्थानी अमर देव म्हणून आणि दुसऱ्या स्थानी मृत वीर म्हणून त्याची पूजा करणारे ग्रीकच योग्य वागतात, असे हिरोडोटसचे मत होते.

येथे आपल्याकडील वीरगळांची आठवण होणे साहजिक आहे. महाराष्ट्र, गोवे आणि कर्नाटक ह्या भूमीत असे दगड जागोजाग उभे आहेत. पण त्यांच्यावरील शिल्प नीट पाहावे. खालच्या पट्टीत लढाई, मधल्या पट्टीत वीराला नेणाऱ्या अप्सरा, वरच्या पट्टीत शिवलिंगापुढे बसलेला वीर. आपला वीर कैलासास जातो, मागे राहतो तो दगड. ग्रीकांचा वीर बहुधा कोठेही जात नाही. तो अस्थिरूपाने त्याच मातीत राहतो आणि त्या मातीच्या लोकांचे रक्षण करतो. म्हणूनच त्याला हलविता येते. किंबहुना त्याला चोरताही येते. ग्रीक राजकारण्यांनी हे फार लवकर ओळखले.

इ. स. पू. सहाव्या शतकाच्या आरंभी सिकिऑनचा सत्ताधीश क्लाइस्थेनिस ह्याचे आर्गॉसशी वैर होते. आर्गॉसचे गुणगान आहे म्हणून त्याने होमरची काव्ये गाणाऱ्यांच्या स्पर्धादेखील बंद पाडल्या. नगराच्या चौकात आर्गॉसचा वीर ॲड्रास्टस ह्याचे स्थान होते. त्याला हाकलू का, असे त्याने डेल्फीस विचारले. ॲड्रास्टस सिकिऑनचा राजा होता आणि तू केवळ दगड मारणारा आहेस, अशी चपराक मिळाली. तेव्हा त्याने थेबीसहून मेलॅनिपस ह्या वीरास आणविले. पुराणात ह्याच मेलॅनिपसने ॲड्रास्टसचा भाऊ आणि जावई मारलेले! ॲड्रास्टसचे बळी व उत्सव क्लाइस्थेनिसने ह्या नव्या शेजाऱ्यास दिले आणि जुना वीर आपण होऊन निघून जाईल अशी वाट पाहिली. मेलेल्याला मेलेल्याकडून हुसकावण्याची ही युक्ती आम्हांस हास्यास्पद वाटते. सिकिऑनच्या लोकांना ती वाटली नसावी.

ह्याहून प्रसिद्ध हकीकत ओरेस्टीझची. स्पार्टाचे लोक टेजीआशी लढून वारंवार हरत होते. डेल्फीने सांगितले की ॲगमेम्नॉनचा पुत्र ओरेस्टीझ ह्याच्या अस्थी आणा. त्या कोठे आहेत असे विचारता कोडे मिळाले: जेथे दोन वारे जबरदस्तीने वाहतात आणि घावाला घाव भेटतो, तेथे. तहाच्या काळात लिकास नावाचा एक स्पार्टन टेजीआत गेला असता तेथल्या लोहाराने त्याला सांगितले की, अंगणात विहीर खणताना सात हात लांबीची शवपेटी लागली आणि प्रेतही तेवढेच लांब होते. लिकासला उलगडा झाला. दोन वारे म्हणजे लोहाराचे दोन भाते, घाव म्हणजे हातोडा आणि ऐरण. त्याने ते अंगण भाड्याने घेतले, अस्थी गोळा केल्या आणि स्पार्टास नेल्या. त्यानंतर स्पार्टाची सरशी होत गेली, असे हिरोडोटस सांगतो.

पेलोपोनीसच्या भूमीत नामशेष झालेल्या महाकाय प्राण्यांची हाडे सापडतात. एड्रिएन मेयर ह्यांनी २००० साली प्रसिद्ध केलेल्या ग्रंथात अशा राक्षसी सांगाड्यांचा संबंध त्यांच्याशी जोडला आहे. ते असो. आम्हांस महत्त्वाचे वाटते ते दुसरेच. स्पार्टाचे राजे स्वतःला हेराक्लीझचे वंशज, म्हणजे बाहेरून परत आलेले म्हणवीत. ओरेस्टीझ हा त्या भूमीचा जुना धनी. त्याचे थडगे आपल्याकडे आले की साऱ्या पेलोपोनीसवरील नेतृत्वाचा हक्क सांगता येत होता.

अथेन्सने हाच धडा गिरविला. थीसिअसचे भूत मॅरेथॉनच्या रणावर, इ. स. पू. ४९० मध्ये, पुढे धावताना अनेकांनी पाहिले अशी आख्यायिका होती. पुढे थीसिअसच्या अस्थी परत आणण्याचा कौल मिळाला आणि मॅरेथॉनच्या विजेत्या मिल्टायडीझचा पुत्र किमोन ह्याने सुमारे इ. स. पू. ४७५ मध्ये स्किरोस बेट जिंकले. तेथील रहिवासी हाकलून अथेन्सचे लोक वसविण्यात आले. नंतर एका उंचवट्याला गरुड चोच मारताना दिसला म्हणे. खणले तेव्हा मोठ्या देहाची शवपेटी, काशाचा भाला आणि तलवार निघाली. किमोनने त्या आपल्या जहाजावर घालून आणल्या. बेट बळकावल्याची बोलणी मागे पडली. नगरात मिरवणुका निघाल्या, जणू थीसिअस स्वतःच परतला होता.

नगराच्या मध्यभागी त्याचे थडगे झाले. प्लुटार्क लिहितो की, मालकांच्या जाचाला कंटाळलेले गुलाम आणि बलवंतांच्या भीतीने पळालेले दुबळे लोक तेथे आश्रयाला येत.